जुने हिंदी सिनेमे कुठून सुरू करायचे? माझं उत्तर: नूतन

(या भागाची लेखी प्रत. बोलताना झालेली पुनरावृत्ती काढली आहे, बाकी बोललो तसंच ठेवलंय.)



मागच्या भागानंतर चिखलीहून एका ताईंचा मेसेज आला. त्यांचं म्हणणं असं की, "जुने हिंदी सिनेमे पाहायची इच्छा आहे, पण यादी शोधली की शंभर नावं येतात. कुठून सुरू करू?" प्रश्न एकदम बरोबर आहे. शंभर नावांची यादी म्हणजे काहीच न सांगण्यासारखं. म्हणून आज मी यादी देणार नाही, एक माणूस देतो. नूतन. तिचे सहा सिनेमे सांगतो, कोणत्या क्रमानं पाहायचे तेही सांगतो, आणि प्रत्येकात नेमकं काय पाहायचं तेसुद्धा.

नूतनच का? एक तर ती आपली आहे. नूतन समर्थ. जन्म 4 जून 1936, मुंबई. वडील कुमारसेन समर्थ दिग्दर्शक होते. आई शोभना समर्थ म्हणजे 1943 च्या 'रामराज्य'मधली सीता. बहीण तनुजा, भाची काजोल. आता हे सगळं ऐकून तुम्ही म्हणाल, मग काय, घरचाच धंदा! खरंय. पहिला सिनेमा 'हमारी बेटी' 1950 मध्ये आला तो आईनंच दिग्दर्शित केला होता. पण पहिला सिनेमा घरचे देऊ शकतात. तिथून पुढची चाळीस वर्षं घरचे देऊ शकत नाहीत.

दुसरं कारण जास्त महत्त्वाचं आहे. आपल्याकडे सगळ्यांना माहीत असलेला एक नियम आहे: लग्न झालं, लेकरू झालं की बाईचं मुख्य काम संपलं, आता जे होईल ते जोडधंदा. सिनेमात हा नियम तर फारच कडक होता. नूतनची कारकीर्द या नियमाच्या उलट चालते. ते कसं, हे सिनेमे सांगता सांगता येईल.

आधी एक युक्ती

नूतन पाहायची एक युक्ती आहे. समोरचं पात्र बोलत असेल तेव्हा तिच्याकडे पाहायचं. आपल्याला सवय असते जो बोलतो त्याच्याकडे पाहायची. तिच्या सिनेमात उलटं करा. ती ऐकते कशी ते पाहा. त्या काळातले बरेच नट आपलं वाक्य यायची वाट पाहत उभे राहिलेले दिसतात. ही वाट पाहत नाही. समोरचं वाक्य तिच्यापर्यंत पोचतं, आत काहीतरी हलतं, आणि मग ती बोलते. कधी कधी बोलतच नाही.

चला, सिनेमांवर येऊ.

पहिला: 'सीमा' (1955)

दिग्दर्शक अमिय चक्रवर्ती. नूतन गौरी नावाच्या अनाथ मुलीचं काम करते. नातेवाईकांच्या घरी राबते, चोरीचा खोटा आळ येतो, आणि तिची रवानगी मुलींच्या सुधारगृहात होते. तिथले व्यवस्थापक म्हणजे बलराज साहनी.

हा पहिला का ठेवला? कारण इथली नूतन चिडलेली आहे. आपल्या डोक्यात जुन्या सिनेमातली नायिका म्हणजे पदर सावरत रडणारी. ही रडत नाही, तोडफोड करते. अठरा-एकोणीस वर्षांची पोरगी आहे, अंगानं एकदम काटकुळी, पण तिच्या रागाला वजन आहे. याच भूमिकेसाठी तिला पहिलं फिल्मफेअर मिळालं.

आणखी एक गंमत: शुभा खोटे यांचा हा पहिला सिनेमा. त्या सायकलिंगच्या चॅम्पियन होत्या, आणि सिनेमात त्यांचा सायकलवरचा पाठलाग आहे. घरातल्या लहान पोरांना बसवायचं असेल तर हा भाग चुकवू नका.

दुसरा: 'सुजाता' (1959)

इथे जरा थांबतो, कारण या सिनेमावर बोलण्यासारखं खूप आहे.

दिग्दर्शक बिमल रॉय, कथा सुबोध घोष यांची. एका इंजिनिअरच्या घरात अस्पृश्य मानलेल्या जातीतली एक तान्ही मुलगी येते. आईबाप साथीत गेलेले. चार दिवस ठेवू म्हणता म्हणता ती तिथेच मोठी होते. घरची स्वतःची एक मुलगी आहे, रमा. पाहुणे आले की मालकीणबाई रमाची ओळख 'आमची मुलगी' म्हणून करून देतात आणि सुजाताची 'मुलीसारखी'. पूर्ण सिनेमा या 'सारखी'वर उभा आहे. प्रेम आहे, जेवण आहे, कपडे आहेत, पण 'सारखी' काही जात नाही.

आता यातल्या बायका मोजा. सुजाता नूतन. तिला वाढवणारी चारू म्हणजे आपल्या सुलोचनादीदी. रमा म्हणजे शशिकला, मूळच्या सोलापूरच्या. आणि घरात येऊन जातीचं विष कालवणारी म्हातारी म्हणजे ललिता पवार. बंगाली दिग्दर्शक, बंगाली कथा, आणि घर चालवणाऱ्या चारही बायका मराठी!

या सिनेमात माझी युक्ती वापरून पाहायचा एक प्रसंग आहे. अधीर, म्हणजे सुनील दत्त, टेलिफोनवर गाणं म्हणतो. आवाज तलत महमूद यांचा, संगीत सचिनदेव बर्मन यांचं. पूर्ण गाणं होईपर्यंत नूतन फक्त रिसीव्हर कानाला लावून उभी आहे. एक शब्द नाही. तिला त्याचं प्रेम कळतंय, आपणही प्रेमात आहोत हे कळतंय, आणि हे होणार नाही हेही कळतंय. तीन गोष्टी एकाच चेहऱ्यावर. आजच्या सिनेमात इथे पाच कट आणि एक ड्रोन शॉट आला असता.

पण मंडळी, हा सिनेमा आपण बुलढाणा जिल्ह्यात बसून पाहतोय, तर एक गोष्ट बोललीच पाहिजे. 14 ऑक्टोबर 1956 ला नागपुरात बाबासाहेबांनी धम्मदीक्षा घेतली. आपल्या भागातून किती लोक तिथे गेले होते हे घरोघरी विचारून पाहा. 'सुजाता' आला तो त्यानंतर तीन वर्षांच्या आत. म्हणजे इकडे लाखो लोकांनी 'आम्हाला तुमची दया नको' असं सांगून वेगळा रस्ता धरला होता, आणि तिकडे सिनेमा मात्र सवर्ण आईचं मन कधी बदलतं याची वाट पाहत होता. ते बदलतं कधी? सुजाताचं रक्त देऊन तिचा जीव वाचतो तेव्हा. म्हणजे माणूस आहोत हे सिद्ध करायला पोरीला रक्त द्यावं लागतं. माझ्या एका मित्राला हा सिनेमा दाखवला, तर तो शेवटी एवढंच म्हणाला, "अन् रक्त जुळलं नसतं तं?" या प्रश्नाला सिनेमाकडे उत्तर नाही.

मग पाहायचा का? पाहायचाच. एक म्हणजे 1959 मध्ये मोठ्या पडद्यावर, मोठ्या नायिकेला घेऊन हा विषय मांडणं सोपं नव्हतं. दुसरं म्हणजे नूतन. पटकथा सुजाताला सहन करणारी, चांगली, गप्प मुलगी म्हणून लिहिते. नूतन त्या गप्पपणात अपमान भरते. 'मुलीसारखी' हा शब्द येतो तेव्हा तिची मान किंचित खाली जाते, पण डोळ्यांत जे येतं ते कृतज्ञता नसते. पटकथा जिथे कमी पडते तिथे नटी पुढे जाते, त्याचं हे उदाहरण. दुसरं फिल्मफेअर यासाठी मिळालं, आणि सिनेमा 1960 मध्ये कान महोत्सवाच्या स्पर्धेतही होता.

तिसरा: 'तेरे घर के सामने' (1963)

'सुजाता'नंतर जरा मोकळा श्वास. दिग्दर्शक विजय आनंद. दिल्लीतले दोन शेठ एकमेकांचे हाडवैरी, दोघांनाही समोरासमोरच्या प्लॉटवर घर बांधायचंय, आणि दोन्ही घरांचा आर्किटेक्ट एकच, देव आनंद. तोही एका वैऱ्याचा मुलगा, आणि प्रेमात दुसऱ्याच्या मुलीच्या. ती मुलगी नूतन.

कुतुबमिनारच्या जिन्यातलं गाणं तुम्ही पाहिलं असेलच. त्यात नूतन पायऱ्या उतरताना नुसती हसते, तरी आपण तिलाच पाहत राहतो. हा सिनेमा यादीत एवढ्यासाठी ठेवला की पुढचा सिनेमा याच वर्षीचा आहे, संगीतही पुन्हा सचिनदेव बर्मन यांचं. लागोपाठ दोन दिवशी दोन्ही पाहा. तीच बाई आहे यावर विश्वास बसत नाही.

चौथा: 'बंदिनी' (1963)

वेळ एकाच सिनेमासाठी असेल तर हा पाहा.

पुन्हा बिमल रॉय. दिग्दर्शक म्हणून त्यांचा हा शेवटचा कथापट. गुलजार यांनी लिहिलेलं एक गाणंही यात आहे. जरासंध या बंगाली लेखकाच्या कथेवर आधारलेला. स्वातंत्र्यापूर्वीचा काळ, बायकांचा तुरुंग, आणि खुनाच्या शिक्षेवर आलेली कल्याणी. तुरुंगातला तरुण डॉक्टर म्हणजे धर्मेंद्र, तो तिच्या प्रेमात पडतो. तिचा भूतकाळ म्हणजे अशोक कुमार, एक क्रांतिकारक. आणि कल्याणीच्या वडिलांचं, त्या गरीब पोस्टमास्तरचं काम केलंय आपल्या राजा परांजपे यांनी. हो, 'जगाच्या पाठीवर' आणि 'लाखाची गोष्ट'वाले राजाभाऊ.

गोष्ट पूर्ण सांगत नाही. पण खुनाचा प्रसंग सांगायलाच पाहिजे, त्यानं मजा कमी होत नाही, कारण खून झालाय हे आपल्याला सुरुवातीपासून माहीत असतं. कल्याणी एका रुग्ण बाईची सेवा करतेय. ती बाई कोणाची बायको आहे हे तिला नुकतंच कळलंय. तिच्या स्वतःच्या वडिलांचा मृत्यूही त्याच सुमारास झालाय. बाहेर लोखंडाचं काम चाललंय, घणाचे आवाज येतायत, वेल्डिंगचा उजेड तिच्या चेहऱ्यावर पडतो आणि जातो. नूतन बोलत नाही. चेहरा जवळजवळ स्थिर. फक्त उजेड येतो-जातो, आणि आपल्याला दिसतं की हिच्या डोक्यात आत्ता काहीतरी ठरलं. मग चहा आणि विष.

या एका प्रसंगात तिनं जर दात-ओठ खाल्ले असते तर कल्याणी खलनायिका झाली असती. रडली असती तर बिचारी झाली असती. ती दोन्ही करत नाही. म्हणून पुढचा सगळा सिनेमा आपण तिला माफ करायचं की नाही हे ठरवू शकत नाही. हे कॅमेऱ्याचंही श्रेय आहे, कमल बोस यांचं. त्या वर्षी फिल्मफेअरमध्ये 'बंदिनी'ला सर्वोत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शन, अभिनेत्री, कथा, छायाचित्रण आणि ध्वनी असे सहा पुरस्कार मिळाले.

शेवट पाहून तुम्ही भांडणार हे मला माहीत आहे. ती ज्याची निवड करते ती बरोबर की चूक? घरात दोन पिढ्या एकत्र बसवून हा शेवट दाखवा आणि गंमत पाहा. आपल्या आया एक उत्तर देतात, बहिणी दुसरं.

आता इथे तारखा लावू. नूतनचं लग्न ऑक्टोबर 1959 मध्ये झालं, नौदलातले अधिकारी रजनीश बहल यांच्याशी. मुलगा मोहनीश 1961 चा. आणि 'बंदिनी' 1963 चा. म्हणजे हिंदी सिनेमातलं तिचं सगळ्यात मोठं काम मूल लहान असताना आलंय. तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीची पाच फिल्मफेअर मिळाली. त्यातली तीन, 'बंदिनी', 'मिलन' आणि 'मैं तुलसी तेरे आंगन की', लग्नानंतरच्या सिनेमांसाठी. हा पाचचा विक्रम तिच्या एकटीच्या नावावर किती वर्षं राहिला, तर 2011 मध्ये भाची काजोलनं पाचवं घेतलं तोपर्यंत.

पाचवा: 'सौदागर' (1973)

लक्षात ठेवा, दिलीप कुमार-राजकुमारवाला 1991 चा 'सौदागर' नाही. हा राजश्रीचा, दिग्दर्शक सुधेंदू रॉय, नायक अमिताभ बच्चन. 'जंजीर' याच वर्षीचा, त्यामुळे याकडे फार कमी लोकांचं लक्ष गेलं. भारतानं मात्र त्या वर्षी ऑस्करसाठी हाच सिनेमा पाठवला होता.

गोष्ट गुळाची आहे. खजुरीच्या जातीचं झाड, आपण शिंदी म्हणतो ना, त्याचा रस हिवाळ्यात काढायचा आणि कढवून गूळ करायचा. मोती, म्हणजे अमिताभ, झाडावर चढून रस काढतो आणि बाजारात गूळ विकतो. गूळ करते माजूबी, म्हणजे नूतन, एक विधवा. तिच्या हातच्या गुळाला बाजारात तोड नाही. मोतीला दुसऱ्याच एका सुंदर मुलीशी लग्न करायचंय, पण मेहेरचे पैसे नाहीत. तर हा पठ्ठ्या काय करतो? माजूबीशीच लग्न करतो. गुळाची मजुरी वाचते, हंगामभर पैसे साठतात, आणि हंगाम संपला की खोटं निमित्त काढून तिला तलाक देतो. नवीन बायको येते. पुढच्या हिवाळ्यात रस तोच, चूल तीच, कढई तीच, पण गूळ बिघडतो. गिऱ्हाईक तुटतं.

आता सांगा, ही फक्त बंगालची गोष्ट आहे का? आपल्याकडे कापूस वेचतं कोण? बायका. सोयाबीन निंदतं कोण? बायका. आणि खामगावच्या बाजारात माल विकून पट्टी कोणाच्या नावावर निघते? सातबारा कोणाच्या नावावर? 'तिच्या हाताला चव आहे' असं आपण कौतुकानं म्हणतो, पण त्या हाताची किंमत कधी लावत नाही. 'सौदागर' हिशेब मांडून दाखवतो की ती किंमत नेमकी किती होती. मोतीला ती कळते तेव्हा त्याच्याकडे विकायला काही उरलेलं नसतं.

नूतन तेव्हा सदतीस वर्षांची होती, अमिताभ एकतीस. ती इथे सुंदर दिसायचा जराही प्रयत्न करत नाही. चुलीपुढे बसलेली माजूबी पाहा. रस ढवळताना तिचं लक्ष रसावर आहे, कॅमेऱ्यावर नाही. कुठल्याही कामात मुरलेल्या माणसाची जी बसण्याची पद्धत असते ना, ती तिनं बरोबर पकडलीय. आणि मोती लग्नाचं विचारतो तेव्हा तिला संशयही येतो आणि आशाही वाटते. दोन्ही दिसतं. युक्ती आठवा: तो बोलतोय, तुम्ही तिच्याकडे पाहा.

सहावा: 'मैं तुलसी तेरे आंगन की' (1978)

राज खोसला यांचा सिनेमा, चंद्रकांत काकोडकर यांच्या मराठी कादंबरीवरून. हा थोडा मेलोड्रामा आहे, आधीच सांगून ठेवतो. नवऱ्याच्या दुसऱ्या बाईचा मुलगा स्वतःच्या मुलासोबत वाढवणारी बायको. आशा पारेख तुलसी, विनोद खन्ना तो मुलगा. लांबलाय, काही संवाद आज जड वाटतात. पण बेचाळिसाव्या वर्षी नायिकेचं फिल्मफेअर नूतनला याच सिनेमानं दिलं. सहायक नाही, मुख्य. घरी आई-आजीसोबत पाहायचा असेल तर यापासूनच सुरू करा, त्यांना आधीच माहीत असेल.

शेवटची वर्षं, आणि एक खरं खरं बोलणं

मी हे सगळं सांगतोय म्हणजे तिच्यासाठी नियम पूर्ण मोडला असं नाही. ऐंशीच्या दशकात तिच्याही वाट्याला आईच्याच भूमिका आल्या. 1985 च्या 'मेरी जंग'मध्ये ती अनिल कपूरची आई आहे, त्यासाठी सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअरही मिळालं. 1986 च्या 'कर्मा'त ती दिलीप कुमारची पत्नी झाली. विचार करा, दोघंही पन्नासच्या दशकापासूनचे दिग्गज, आणि जोडी जमली ती या वयात. तिच्यासाठी साठीतल्या बाईची मुख्य भूमिका कोणी लिहिली असती का, माहीत नाही, कारण ती वेळच आली नाही. 21 फेब्रुवारी 1991 ला स्तनाच्या कर्करोगानं ती गेली. वय 54. जाता जाता एवढं सांगतो: घरातल्या बायका स्वतःची तपासणी पुढे ढकलतात, त्यांना ढकलू देऊ नका.

आणि दुसरं. तिला काम मिळत राहिलं यात नशीब होतं, मुंबईतलं सिनेमावालं घर होतं, पाठीशी माणसं होती. आपल्या मेहकर-लोणारच्या बीएड झालेल्या, इंजिनिअरिंग झालेल्या पोरीला यातलं काही नसतं. माझ्या कॉलेजच्या बॅचमधल्या ज्या मुली वर्गात पुढे होत्या, त्यातल्या कितीतरी लग्नानंतर कामावर नाहीत. कोणी हाकललं नाही त्यांना, फक्त 'आता कशाला' म्हणाले. म्हणून नूतनकडे बोट दाखवून 'पाहा, तिला जमलं, तुला का नाही' असं कृपया कोणाला म्हणू नका. उलट प्रश्न आपण स्वतःला विचारायचा: तिच्याकडे जे होतं, त्यातलं काय आपण आपल्या घरातल्या बाईला देऊ शकतो? 'बंदिनी'सारखा सिनेमा घडायला घरी लेकरू सांभाळणारं कोणीतरी लागतंच.

पाहायचं कसं

थोडक्यात क्रम: 'सीमा', 'सुजाता', 'तेरे घर के सामने', 'बंदिनी', 'सौदागर', 'मैं तुलसी तेरे आंगन की'. आठवड्याला एक, दीड महिन्यात संपतात.

यूट्यूबवर शोधताना दहा-दहा मिनिटांचे तुकडे केलेली प्रत घेऊ नका, पूर्ण लांबीची घ्या. शक्यतो इअरफोन लावा, 'बंदिनी'त घणाचे आवाज मोबाइलच्या स्पीकरवर नुसते खडखड वाटतात. आणि तुमच्यातले बरेच जण मला दीडपट वेगानं ऐकता हे मला माहीत आहे. ऐका, माझी हरकत नाही. नूतनला मात्र दीडपट वेगानं पाहू नका. तिचं सगळं काम दोन वाक्यांच्या मधल्या जागेत आहे, आणि वेग वाढवला की पहिली ती जागाच जाते.

चिखलीच्या ताई, तुमच्या प्रश्नाचं उत्तर एवढं लांबलं, चालवून घ्या. 'बंदिनी'चा शेवट पाहिल्यावर तुम्ही कोणत्या बाजूनं आहात ते कळवा. बाकीच्यांनीही कळवा, आणि सोबत घरातल्या मोठ्या माणसाचं मतही लिहा. पुढच्या भागात तीच उत्तरं वाचून दाखवतो.

भेटू मग. काळजी घ्या.